पालिकेच्या पायरीपासून लोकसभेच्या आसनापर्यंत : दादासाहेब मावळंकर

आपल्या ट्रस्टने पन्नास वर्षांची वाटचाल पूर्ण केली, ही आपणां सर्वांना धन्यता वाटावी अशी घटना आहे. या मंगल प्रसंगी निघणाऱ्या स्मरणिकेसाठी एखाद्या थोर पुरुषाचे चरित्र लिहून द्यावे, अशी आज्ञा संपादक मंडळाने मला केली. लेखन हा माझा प्रांत नव्हे. आयुष्य कापडाच्या पेढीवर गेले. तरीही ही आज्ञा शिरोधार्य मानून मी एक नाव मनाशी निश्चित केले. ते नाव आपल्या समाजातील नाही, परंतु आपल्या समाजातील श्रेष्ठींच्या खांद्याला खांदा लावून त्यांनी कार्य केले. स्वतंत्र भारताच्या लोकसभेचे पहिले सभापती गणेश वासुदेव तथा दादासाहेब मावळंकर यांचे ते नाव होय.

कापडाच्या खरेदीनिमित्त आम्हां व्यापाऱ्यांचे अहमदाबादला नेहमीच जाणे होते. मस्कती मार्केटमधील सौदे आटोपल्यावर जुन्या पिढीतील गुजराती व्यापाऱ्यांशी गप्पा होत. त्या गप्पांत सरदार पटेल आणि शेठ कस्तुरभाई लालभाई यांच्या बरोबरीने दादासाहेब मावळंकरांचे नाव आदराने निघे. अस्सल कोकणी आडनावाचा हा पुरुष गुजरातच्या राजनगरीत इतका आपलासा कसा झाला, हे कुतूहल तेव्हापासून माझ्या मनात होते. त्यांच्या चरित्राचा मागोवा घेताना एक गोष्ट मला प्रकर्षाने जाणवली. नगरपालिकेचे सदस्यत्व असो, विधिमंडळाचे अध्यक्षपद असो, की लोकसभेचे सभापतिपद असो, प्रत्येक पद त्यांनी मालकाच्या नव्हे तर विश्वस्ताच्या भावनेने सांभाळले. विश्वस्त संस्थेच्या सुवर्णमहोत्सवात त्यांचे स्मरण करण्यास याहून मोठे कारण कोणते असणार?

कोकणचे घराणे, गुजरातची कर्मभूमी

मावळंकर घराण्याचे मूळ गाव रत्नागिरी जिल्ह्यातील मावळंगे. अठराव्या शतकात मराठ्यांची सत्ता गुजरातेत स्थिरावली. बडोद्यास गायकवाडांची गादी झाली, तर अहमदाबादवर पेशवे आणि गायकवाड यांचा अंमल 1817 पर्यंत चालला. त्या ओघात अनेक दक्षिणी कुटुंबे गुजरातेत गेली आणि दुधात साखर विरघळावी तशी तेथे मिसळून गेली. गणेश वासुदेव यांचा जन्म 27 नोव्हेंबर 1888 रोजी बडोदे येथे झाला. त्यांचे आरंभीचे शिक्षण राजापूर व अन्य ठिकाणी झाले आणि 1902 साली पुढील शिक्षणासाठी ते अहमदाबादला आले. तेव्हापासून अखेरच्या श्वासापर्यंत अहमदाबाद हीच त्यांची कर्मभूमी राहिली.

गुजरात कॉलेजातून 1908 साली ते शास्त्र विषय घेऊन बी. ए. झाले. तेथे एक वर्ष दक्षिणा फेलो म्हणून राहिल्यानंतर मुंबईच्या सरकारी विधी विद्यालयातून 1912 साली त्यांनी एल्एल्. बी. ची परीक्षा प्रथम वर्गात उत्तीर्ण केली. 1913 पासून अहमदाबादेत त्यांनी वकिली सुरू केली. सत्याला धरून वकिली करता येते की नाही, हा प्रश्न त्यांनी स्वतःपुरता प्रयोग करून सोडविला. पुढे त्या अनुभवांवर त्यांनी इंग्रजीत एक पुस्तकही लिहिले.

वकिलीच्या पहिल्या वर्षापासूनच त्यांनी सार्वजनिक कामाची जबाबदारी घेतली. 1913 साली ते गुजरात एज्युकेशन सोसायटीचे मानद चिटणीस झाले आणि 1916 साली गुजरात सभेचे चिटणीस. त्याच सुमाराची एक हकीकत प्रसिद्ध आहे. गुजरात क्लबात वकील मंडळी पत्ते खेळत बसलेली असताना गांधीजी तेथे आले. त्यांच्याकडे जाण्यासाठी मावळंकर उठले, तेव्हा पत्त्यांच्या डावात रमलेल्या वल्लभभाई पटेलांनी त्यांची थट्टा केली. हे गृहस्थ तुम्हांला गव्हातले खडे निवडता येतात का, एवढेच विचारतील, अशा आशयाची ती थट्टा होती. मावळंकर गेलेच. पुढे थोड्याच काळात वल्लभभाईही त्याच वाटेने गेले. 1918 च्या खेडा सत्याग्रहात पिके बुडालेल्या शेतकऱ्यांच्या बाजूने गुजरात सभा उभी राहिली, तेव्हा या दोघांचीही सेवा त्या कार्यी लागली.

महाजनांचे नगर

मावळंकरांचे नगरपालिकेतील कार्य समजून घेण्यापूर्वी त्या नगराची परंपरा जाणून घेणे इष्ट ठरेल. अहमदाबाद हे महाजनांचे नगर. प्रत्येक व्यापाराचे महाजन वेगळे आणि सर्वांच्या शिरोभागी नगरशेठ. हा नगरशेठपणा शांतिदास झवेरी यांच्या जैन घराण्यात चालत आला होता. 1725 साली मोगल सरदारांच्या आपसांतील कलहात मराठी फौजा शहराच्या वेशीवर आल्या आणि लुटीचा प्रसंग ओढवला. तेव्हा शांतिदासांचे नातू नगरशेठ खुशालचंद यांनी स्वतःच्या पदरची मोठी रक्कम भरून शहर वाचविले. त्याची उतराई म्हणून शहरातील व्यापाऱ्यांनी छाप पडणाऱ्या मालावर शेकडा चार आणे त्यांच्या घराण्यास देण्याचे लिहून दिले. सरकारने हुकूम न काढता व्यापाऱ्यांनी स्वखुशीने पत्करलेला हा कर होता.

इंग्रजी अमलात महाजनांच्या जोडीला नगरपालिका आली. 1861 साली शहरातील पहिली कापड गिरणी सुरू करणारे रणछोडलाल छोटालाल 1885 साली पालिकेचे पहिले हिंदी अध्यक्ष झाले. नळाचे पाणी आणि भुयारी गटारे या योजनांसाठी त्यांनी लोकांचा रोष पत्करला, पण शहराचे आरोग्य सुधारले. गिरण्या वाढल्या, मजूर वस्त्या वाढल्या, तटाच्या आतील पोळांमध्ये माणसे मावेनाशी झाली. अशा शहराचा कारभार पाहणे म्हणजे पाणी, गटार, दिवाबत्ती, शाळा, दवाखाना आणि कराची आकारणी या रोजच्या कटकटींशी झुंज देणे होते. त्यात भाषणबाजीला वाव थोडा आणि टीकेला वाव फार.

नगरपालिकेची पाठशाळा

1917 साली वल्लभभाई पालिकेत निवडून आले आणि दोनच वर्षांनी, 1919 साली, एकतीस वर्षांचे मावळंकर पालिकेचे सदस्य झाले. 1919 ते 1922, 1924 ते 1927, 1930 ते 1933 आणि 1935 ते 1937 असे चार वेळा ते सदस्य होते. त्यांपैकी 1930 ते 1933 आणि 1935-36 या काळात पालिकेचे अध्यक्षपद त्यांच्याकडे होते.

या वर्षांमध्ये दोन वर्षांची एक पोकळी दिसते. तिचे कारण महत्त्वाचे आहे. असहकाराच्या चळवळीत पालिकेने आपल्या प्राथमिक शाळा सरकारी नियंत्रणातून मुक्त करण्याचे ठरविले आणि त्यासाठी सरकारी अनुदानावरही पाणी सोडले. याचा परिणाम म्हणून फेब्रुवारी 1922 मध्ये सरकारने निर्वाचित पालिकाच बाजूला सारली आणि कारभार आपल्या हाती घेतला. शाळांवर झालेला खर्च नगरसेवकांकडून वसूल व्हावा म्हणून दावाही लावण्यात आला. तो टिकला नाही. 1924 साली पुन्हा निवडणुका झाल्या, वल्लभभाई अध्यक्ष झाले आणि मावळंकरही सभागृहात परतले. लोकांनी सोपविलेल्या पैशाचा जाब कोणत्याही दिवशी द्यावा लागतो, तो द्यावयाची तयारी असेल तरच तत्त्वासाठी उभे राहता येते, हा धडा त्या प्रकरणाने त्या पिढीच्या नगरसेवकांना दिला. जमाखर्च चोख होता म्हणूनच त्यांची मान ताठ राहिली.

याच काळात, डिसेंबर 1921 मध्ये, अहमदाबादेस राष्ट्रीय सभेचे छत्तिसावे अधिवेशन भरले. स्वागत समितीचे अध्यक्ष वल्लभभाई आणि सरचिटणीस मावळंकर. नियोजित अध्यक्ष चित्तरंजन दास तुरुंगात असल्याने हकीम अजमलखान यांनी अध्यक्षस्थान भूषविले. खुर्च्यांना फाटा देऊन प्रतिनिधींसाठी भारतीय बैठक घालण्यात आली आणि मंडपात सर्वत्र खादीचे दर्शन घडले. हजारो माणसांच्या निवासाची, पाण्याची आणि स्वच्छतेची व्यवस्था लावताना पालिकेच्या कामाचा अनुभव निश्चितच उपयोगी पडला असेल.

1930 साली मावळंकर पालिकेचे अध्यक्ष झाले तो काळ कसोटीचा होता. त्याच वर्षी 12 मार्च रोजी गांधीजी साबरमतीहून दांडीस निघाले. एकीकडे शहराचा दैनंदिन कारभार आणि दुसरीकडे राष्ट्राचा लढा, अशा दोन्ही आघाड्या त्यांनी सांभाळल्या. वेगवेगळ्या आंदोलनांत मिळून सुमारे सहा वर्षांचा तुरुंगवास त्यांच्या वाट्याला आला. 1942 ते 1944 च्या बंदिवासात त्यांनी गुन्हेगार म्हणून शिक्षा भोगणाऱ्या कैद्यांशी मनमोकळा संवाद साधला आणि त्यांच्या खऱ्या कहाण्या ‘मानवतानां झरणां’ या गुजराती पुस्तकात लिहिल्या. मातृभाषा मराठी असलेल्या माणसाने गुजरातीत केलेले हे लेखन, खुनी आणि दरोडेखोर म्हणून ज्यांच्याकडे जग पाठ फिरविते त्यांच्यातील माणुसकीचा शोध घेते. पापाचा तिरस्कार करावा, पापी जीवाचा करू नये, ही शिकवण आपल्या परिचयाचीच आहे.

मुंबईच्या विधानसभेचे अध्यक्षपद

1935 च्या कायद्यानुसार 1937 साली प्रांतिक निवडणुका झाल्या. मावळंकर अहमदाबादहून मुंबई प्रांताच्या विधानसभेवर निवडून आले आणि सभागृहाने त्यांना आपले अध्यक्ष निवडले. बाळासाहेब खेर यांचे मंत्रिमंडळ सत्तेवर होते. 175 सदस्यांच्या त्या सभागृहात मराठी, गुजराती आणि कानडी मुलखातील प्रतिनिधी एकत्र बसत. कोकणात मूळ असलेला आणि गुजरातेत वाढलेला अध्यक्ष अशा सभागृहास लाभला, हा योग जुळून आला.

1939 च्या नोव्हेंबरात काँग्रेस मंत्रिमंडळांनी राजीनामे दिले. मावळंकर मात्र 1946 पर्यंत अध्यक्षपदी राहिले. पालिकेत त्यांनी निर्णय घेणाऱ्याची खुर्ची सांभाळली होती. येथे वाद ऐकून घेणाऱ्याची खुर्ची होती. पालिकेच्या अध्यक्षाला काम तडीस न्यावयाचे असते, तर विधानसभेच्या अध्यक्षाला प्रत्येकाला बोलण्याची न्याय्य संधी मिळते की नाही हे पाहावयाचे असते. हा फरक त्यांनी आत्मसात केला आणि पुढील सारे आयुष्य त्याच साधनेत घालविले.

तीन मतांचा विजय

जानेवारी 1946 मध्ये ते दिल्लीच्या मध्यवर्ती विधानसभेत दाखल झाले. अध्यक्षपदासाठी 24 जानेवारी रोजी निवडणूक झाली. सरकार पक्षाचा आणि मुस्लिम लीगचा पाठिंबा मुंबईच्या सर कावसजी जहांगीर यांना होता. मावळंकरांना 66 आणि कावसजींना 63 मते पडली. ज्या आसनावर पूर्वी विठ्ठलभाई पटेल बसले होते, त्या आसनावर केवळ तीन मतांच्या आधिक्याने मावळंकर विराजमान झाले. विरोधात मत दिलेल्या 63 सदस्यांचेही आपण तितकेच अध्यक्ष आहोत, हे जाणूनच अशा खुर्चीवर बसावे लागते.

14 आणि 15 ऑगस्ट 1947 च्या मध्यरात्री ती जुनी विधानसभा संपुष्टात आली. संविधान सभेपुढे आता मोठा पेच होता. राज्यघटना लिहिणे आणि देशाचे नित्याचे कायदे करणे ही दोन्ही कामे एकाच सभेने कशी करावीत? या प्रश्नाचा विचार करण्यासाठी नेमलेल्या समितीचे अध्यक्षपद मावळंकरांकडे आले. दोन्ही कामे स्वतंत्रपणे चालावीत आणि कायदे करणाऱ्या बैठकींसाठी वेगळा अध्यक्ष असावा, असा मार्ग समितीने सुचविला. त्याप्रमाणे घटनानिर्मितीच्या बैठका डॉ. राजेंद्रप्रसाद यांच्या अध्यक्षतेखाली चालू राहिल्या, तर विधिमंडळ म्हणून भरणाऱ्या बैठकींसाठी 17 नोव्हेंबर 1947 रोजी मावळंकर सभापती म्हणून निवडून आले. एकाच दुकानात दोन व्यवहार असले की दोन स्वतंत्र वह्या ठेवाव्या लागतात. त्या ठेवल्या म्हणजे घोटाळा होत नाही. राष्ट्राच्या व्यवहारातही तेच सूत्र लागू पडले. 26 जानेवारी 1950 नंतर हंगामी संसदेचे सभापतिपदही त्यांच्याकडेच राहिले.

लोकसभेचे पहिले सभापती

प्रौढ मताधिकाराने झालेल्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत सतरा कोटींहून अधिक मतदारांची नोंद झाली होती. अहमदाबादहून मावळंकर निवडून आले. 15 मे 1952 रोजी सभापतिपदाची निवडणूक झाली. त्यांच्याविरुद्ध शेतकरी कामगार पक्षाचे सोलापूरचे खासदार शंकर शांताराम मोरे उभे होते. मावळंकरांना 394 आणि मोऱ्यांना 55 मते मिळाली. सहा वर्षांपूर्वी तीन मतांनी लाभलेले आसन आता प्रचंड बहुमताने लाभले. पण बहुमत जितके मोठे, तितकी अल्पमताची काळजी अधिक घ्यावी लागते. 14 मे 1954 रोजी सभागृहाचे ‘लोकसभा’ हे नाव मावळंकरांनीच जाहीर केले.

वाणिज्य शाखेचा विद्यार्थी म्हणून मला त्यांच्या कार्याचा एक भाग विशेष महत्त्वाचा वाटतो. तो म्हणजे समित्यांची रचना. सरकारने मांडलेला अर्थसंकल्प सभागृहात मंजूर होतो, परंतु पाचशे माणसांच्या सभेत एकेक कलम बारकाईने तपासणे अशक्य असते. त्यासाठी 1950 साली अंदाज समिती आली. खर्चाच्या अंदाजात काटकसर कोठे शक्य आहे हे ती पाहू लागली. झालेल्या खर्चाची तपासणी करणारी लोकलेखा समिती पूर्वी अर्थमंत्र्यांच्याच अध्यक्षतेखाली असे. 1950 पासून ती सभापतींच्या नियंत्रणाखाली संसदेची समिती झाली. मुनीमानेच स्वतःची वही तपासावी, ही जुनी रीत येथे संपली.

1952 साली कामकाज सल्लागार समिती नेमली गेली; कोणत्या विषयाला किती वेळ द्यावयाचा हे ती सर्व पक्षांच्या विचाराने ठरवू लागली. 1953 साली आणखी महत्त्वाच्या समित्या आल्या. त्यांपैकी शासकीय आश्वासन समितीचे काम आम्हां व्यापाऱ्यांना चटकन समजेल. बाजारात लाखोंचे सौदे शब्दावर होतात आणि शब्द पाळला नाही तर पत जाते. मंत्र्यांनी सभागृहात दिलेल्या शब्दाची नोंद करून तो पाळला गेला की नाही, हे ही समिती पाहते. दुसरी समिती सरकार कायद्यांखाली जे नियम करते ते तपासते; तिसरी समिती मंत्री नसलेल्या सदस्यांच्या विधेयकांचा विचार करते. अशी व्यवस्था एकट्याच्या हातून उभी राहत नाही, हे खरे. परंतु तिच्यामागे सभापतींची दृष्टी होती, हे सर्वमान्य आहे.

हंगामी संसदेच्या काळातील एक प्रकरण तर प्रत्येक व्यापाऱ्याने स्मरणात ठेवावे. 1951 साली एच. जी. मुद्गल या सदस्यावर मुंबईच्या सराफ बाजारातील एका व्यापारी संघटनेकडून पैसे घेऊन तिचे हितसंबंध सभागृहात पुढे रेटल्याचा आरोप आला. चौकशीसाठी सभागृहाची समिती नेमली गेली. तिने त्यांचे वर्तन सभागृहाच्या प्रतिष्ठेला बाधा आणणारे ठरविले. 24 सप्टेंबर 1951 रोजी निर्णय होण्यापूर्वीच मुद्गल यांनी राजीनामा दिला. तरीही ते निष्कासनास पात्र होते, असा ठराव सभागृहाने केला. घेणारा दोषी ठरला. पण देणारे हात व्यापाऱ्यांचे होते, याची खंत आपल्याला वाटली पाहिजे.

सत्ताधारी पक्षाचे सदस्य असूनही सरकारला चार गोष्टी सुनावण्यास मावळंकर कचरले नाहीत. संसदेचे अधिवेशन नसताना वटहुकूम काढून कायदे करण्याची सवय लोकशाहीला मारक आहे, असे त्यांनी पंतप्रधान नेहरूंना 1950 साली पत्राने कळविले आणि पुढेही हा आग्रह सोडला नाही. संसदेस वेळ नाही ही सबब त्यांना मान्य नव्हती.

कसोटीचा दिवस

त्यांच्या कारकिर्दीत मतभेद झालेच नाहीत असे म्हणणे सत्याला सोडून होईल. स्थगन प्रस्तावांबाबत त्यांचे धोरण कडक होते. इंग्रजी अमलात सरकारला जाब विचारण्याचा तो एक मोठा मार्ग होता. आता सरकार लोकनियुक्त असून जाब विचारण्याचे इतर मार्ग उपलब्ध आहेत, तेव्हा सारे कामकाज थांबविण्याचा हा उपाय क्वचितच योजावा, अशी त्यांची धारणा होती. त्याच्या जोडीला अर्ध्या तासाची चर्चा, अल्पकालीन चर्चा असे नवे मार्ग त्यांच्या काळात रूढ झाले. तरीही विरोधी पक्षांना हा आपला संकोच वाटे. शिवाय इंग्लंडच्या प्रथेप्रमाणे त्यांनी पक्षाचे सदस्यत्व सोडले नव्हते, हाही आक्षेप होता.

अखेर विरोधी सदस्य विघ्नेश्वर मिश्र यांनी त्यांना पदावरून दूर करण्याचा ठराव मांडला. 18 डिसेंबर 1954 रोजी त्यावर चर्चा झाली. स्वतःवरील आरोपांचा विचार होत असताना सभापतींनी आसनावर बसू नये, असा घटनेचा दंडक आहे. त्यानुसार उपसभापती अनंतशयनम अय्यंगार आसनस्थ झाले. लोकसभेच्या सभापतींविरुद्ध आलेला हा पहिलाच ठराव. विरोधकांनी आपले आक्षेप मोकळेपणाने मांडले आणि शेवटी ठराव फेटाळला गेला. बहुमत पाठीशी होते, त्यामुळे निकाल अपेक्षितच होता. मला महत्त्वाचे वाटते ते हे की, ज्या सभागृहाचे नियम त्यांनी घडविले, त्याच सभागृहात त्यांच्याविरुद्ध बोलण्याची पूर्ण मुभा राहिली.

येथे स्वतःची एक चूक कबूल करणे मला प्राप्त आहे. काही वर्षांपूर्वी एका संस्थेच्या वार्षिक सभेत अध्यक्षस्थानी मी होतो. ताळेबंदातील एका रकमेविषयी एका वृद्ध सभासदाने शंका काढली. जेवणाची वेळ झाली होती, बहुमत माझ्या बाजूने होते. मी त्यांना खाली बसविले आणि हिशेब टाळ्यांच्या गजरात मंजूर करून घेतला. दोन महिन्यांनी वही पुन्हा पाहताना त्यांची शंका बरोबर असल्याचे दिसून आले. लबाडी कोणाची नव्हती, रक्कम चुकीच्या खात्यावर पडली होती. चूक दुरुस्तही झाली. मी त्यांच्या घरी जाऊन क्षमा मागितली. त्यांनी ती उदार मनाने दिली, पण पुढे ते कोणत्याही सभेला आले नाहीत. 1954 च्या त्या चर्चेविषयी वाचले तेव्हा मला त्यांचीच आठवण झाली. अनेकांतवादाचे पाठ आपण लहानपणापासून ऐकतो. दुसऱ्याच्या म्हणण्यातही सत्याचा अंश असतो, हे तत्त्व प्रवचनात पटते. अध्यक्षाच्या खुर्चीवर बसल्यावर ते आठवणे कठीण जाते.

विद्येचे विश्वस्त

दिल्लीत असतानाही दादासाहेबांचे चित्त अहमदाबादेतील संस्थांकडे होते. 1927 साली स्थापन झालेल्या गुजरात लॉ सोसायटीच्या संस्थापकांत ते होते. 1935 साली अहमदाबाद एज्युकेशन सोसायटी स्थापन झाली, तेव्हा सरदार पटेल, शेठ कस्तुरभाई लालभाई आणि शेठ अमृतलाल हरगोवनदास यांच्यासमवेत मावळंकरांनी पुढाकार घेतला. शेठ आणंदजी कल्याणजी पेढीची धुरा दीर्घकाळ वाहून राणकपूर व देलवाडा येथील जिनमंदिरांच्या जीर्णोद्धाराचे कार्य करणारे कस्तुरभाई आपणां सर्वांना परिचित आहेतच. या सोसायटीने 1936 साली वाणिज्य महाविद्यालय आणि 1937 साली कस्तुरभाईंच्या वडिलांच्या नावाचे लालभाई दलपतभाई कला महाविद्यालय सुरू केले. 1949 साली गुजरात विद्यापीठ साकार झाले, त्याच्या शिल्पकारांतही मावळंकर आणि कस्तुरभाई ही दोन्ही नावे येतात. गिरणीमालकांचे धन, वकिलाची शिस्त आणि नगरसेवकाची शहराविषयीची माया यांचा हा सुंदर संगम होता. धनवंतांनी पैसा दिला म्हणून संस्था उभ्या राहिल्या, आणि मावळंकरांसारखी निरपेक्ष माणसे कारभारास लाभली म्हणून त्या टिकल्या.

सरदारांच्या निधनानंतर कस्तुरबा गांधी राष्ट्रीय स्मारक ट्रस्टचे अध्यक्षपद आणि पुढे गांधी स्मारक निधीचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे आले. जनतेने श्रद्धेने दिलेल्या पै-पैशाचे रक्षण करणे म्हणजे काय असते, हे अशा पदांवरील माणसालाच ठाऊक.

अखेर आणि वारसा

अतिश्रमाने प्रकृती खालावली आणि 1956 च्या आरंभी त्यांना हृदयविकाराने ग्रासले. 27 फेब्रुवारी 1956 रोजी अहमदाबाद येथे त्यांचे देहावसान झाले. सभापतिपदावर असतानाच त्यांनी इहलोकीची यात्रा संपविली. नेहरूंनी त्यांना लोकसभेचे जनक म्हणून गौरविले. त्यांच्या पत्नी सुशीलाबाई त्यांच्या जागी अहमदाबादहून लोकसभेवर बिनविरोध निवडून गेल्या. पुत्र पुरुषोत्तम मावळंकर हे राज्यशास्त्राचे विद्वान होते. 1972 च्या पोटनिवडणुकीत आणि पुन्हा 1977 साली तेही लोकसभेवर निवडून आले. दिल्लीतील मावळंकर सभागृह आजही त्यांच्या नावाने ओळखले जाते.

पुढील काळातही शहराच्या कारभारातून लोकसभेच्या आसनापर्यंत पोचलेली मराठी माणसे आपण पाहिली. लातूरचे नगराध्यक्ष राहिलेले शिवराज पाटील 1991 ते 1996 या काळात, तर मुंबईचे नगरसेवक व महापौर राहिलेले मनोहर जोशी 2002 ते 2004 या काळात लोकसभेचे सभापती होते. या वाटेवरून पहिले पाऊल मावळंकरांनी टाकले. ज्या संसद भवनात त्यांनी हे कार्य केले, ती वास्तू 2023 पासून संविधान सदन म्हणून ओळखली जाते आणि लोकसभा शेजारच्या नव्या वास्तूत भरते. वास्तू बदलली, पण मंत्र्याच्या शब्दाची नोंद ठेवणाऱ्या आणि खर्चाचा हिशेब मागणाऱ्या समित्या आजही काम करीत आहेत.

आपल्या ट्रस्टची पन्नास वर्षांची वाटचालही अशाच अनेक ज्ञात-अज्ञात विश्वस्तांच्या निरपेक्ष सेवेमुळे झाली. येत्या काळात तरुण मंडळी कारभार हाती घेतील. त्यांना माझे एवढेच सांगणे आहे की, हिशेबाची वही सदैव उघडी ठेवावी, आणि सभेत एकटा पडलेला सभासद उभा राहिला तर त्याचे म्हणणे आधी ऐकावे. मला हे उशिरा कळले. त्यांना वेळेवर कळो.

दादासाहेब मावळंकरांच्या पवित्र स्मृतीस विनम्र अभिवादन. या लेखनात काही न्यून राहिले असल्यास, अथवा कोणाचे मन अजाणता दुखावले असल्यास, मिच्छामि दुक्कडम्.

जय जिनेंद्र.